रांगेतला शेवटचा आकडा

संपादकांनी लेख मागताना एकच अट घातली: "मास्तर, थापा नकोत." मी मान डोलावली. तेव्हा पुढं जे येईल त्यात रुपयाला चार आणे मीठमसाला आहे आणि बारा आणे रोकडं खरं. चार आणे कुठले नि बारा आणे कुठले, हे ज्यानं त्यानं ठरवावं. जन्मभर अपूर्णांक शिकवलेत, तेव्हा जाता जाता एवढं गणित घालायचा माझा हक्क आहे.

मी सोलापुरात बिगरी ते चौथीच्या पोरांना हिशेब शिकवायचो. गोष्ट एकोणीसशे वीसच्या पुढची. गिरणीच्या भोंग्यावर गाव उठायचं आणि माझ्या आवाजावर आमची गल्ली. आवाज असा, की मी 'बे एके बे' म्हटलं की सिद्धेश्वराच्या तळ्यातले मासे 'बे दुणे चार' म्हणत वर यायचे. पण आवाजापेक्षा माझे कान तिखट. सगळी शाळा एका सुरात पाढा म्हणत असावी, मी पाठमोरं उभं असावं, तरी कोण म्हणतंय आणि कोण नुसतं तोंड हलवतंय ते मला कळायचं. भिंतीकडं तोंड करूनच मी ओरडायचो, "यल्लय्या, ओठ हलवू नको, गळा हलव!" आणि यल्लय्याचा गळा हलायचा. ही कानांची गोष्ट मीठमसाल्यात धरू नका. पुढं सगळं तिच्यावरच उभं आहे.

लोकांना वाटतं, लहान पोरांचं गणित म्हणजे पाढे आणि छडी. साफ खोटं. पोराला 'पाच' हा शब्द येतो, पाच येत नसतात. आधी हातात पाच चिंचोके पडावे लागतात, त्यांतले दोन दुसऱ्याला द्यावे लागतात, ते देताना पोट दुखावं लागतं. तेव्हा वजाबाकी कळते. दहा झाले की कडब्याच्या दहा धाटांची जुडी बांधायची, आणि ती जुडी पलीकडच्या घरात सरकवायची. हातचा म्हणजे तीच जुडी. पाढे हे त्यानंतरचं गाणं. खाली चिंचोके नसले तर ते गाणं वाऱ्यावर जातं. मग पावकी, निमकी, सवायकी, दिडकी, आणि सगळ्यांत शेवटी औटकी, म्हणजे साडेतीनचा पाढा. औटकी म्हणताना मी तालमीतले पैलवान रडलेले पाहिलेत.

आमची शाळा भाड्याच्या जागेत होती. तिथं आधी हातमाग होते. विणकर मागापुढं खड्ड्यात पाय सोडून बसतो, तसे ओळीनं खड्डे होते जमिनीत. माग गेले, खड्डे बुजवले, एक सोडून. तो मागच्या भिंतीशी, अंधाऱ्या कोपऱ्यात, पोरांची रांग संपायची नेमका तिथं. मी घरमालकाला म्हणालो, "हाही बुजवा की."

तो म्हणाला, "लई येळा बुजवला, मास्तर. त्यात माती ऱ्हात न्हाय."

"म्हणजे?"

"टाकली की दुसऱ्या दिशी खाली गेलेली असती. तुमी आपली पोरं अलीकडं बसवा."

मी पोरं अलीकडं बसवली. भाडं कमी होतं.

माझी एक हातखंडा युक्ती होती, तिला मी 'जिवंत वजाबाकी' म्हणायचो. सगळ्या पोरांना भिंतीकडेनं उभं करायचं. पहिल्यानं 'एक' म्हणायचं, दुसऱ्यानं 'दोन', असं शेवटापर्यंत. मग त्यांतली काही अंगणात पाठवायची आणि उरलेल्यांनी पुन्हा आकडे टाकायचे. पोरं खूश, शेजारी हैराण. वजाबाकी अशी हाडात बसायची की माझी पोरं लग्नाच्या पंगतीतसुद्धा उठलेली पानं वजा करत बसायची.

ह्या युक्तीला आडवी आली ती सगुणा.

ही धनगराची पोर. दुष्काळात सांगोल्याकडनं शेरडं घेऊन ही मंडळी आली आणि गावाच्या कडेला पाल ठोकून राहिली. बाप मेंढरांमागं लांब गेलेला. आई केरूबाई गल्लीत दूध घालायची. एक दिवस तिनं पोरीला हाताला धरून आणलं. मला चौकशीची खोड. मी विचारलं, "केरूबाई, लेकरं किती तुम्हाला?"

बाईनं पदर पुढं ओढला. "जिवाला मोजत न्हाय आमी, मास्तर."

"मग एवढी शेरडं राखता कशी?"

"तोंडं बघून. तुमी तुमच्या पोरास्नी आकड्यानं वळखता व्हय?"

मी गप्प बसलो. मी गप्प बसल्याचा हा पहिला प्रसंग, असं आमच्या घरचे सांगतात.

सगू चिंचोक्यांत वाघीण निघाली. मूठभर चिंचोके फेकले तर जमिनीला लागायच्या आत सांगायची किती. पण जिवंत वजाबाकीला उभी केली की तिच्या शेजारचं पोर आपला आकडा म्हणायचं आणि सगू ओठ आवळून भिंतीकडं तोंड फिरवायची. 'एका धनगराच्या वीस मेंढ्या, त्यांतल्या पाच मेल्या' असलं गणित घातलं तर सरळ शाळेतनं पळून जायची. मी एकदा रागावलो. दुसऱ्या दिवशी दुधाचं भांडं दारात ठेवून केरूबाई उभी राहिली.

"मास्तर, तिला जीव मोजाया लावू नगा." मग खालच्या आवाजात म्हणाली, "खानेसुमारी झाली तवा एक मास्तर आलता पालावर. गेरूनं आकडा वडला. माजं धाकटं, बिरू, त्येच्या डोक्यावर बोट ठिवून त्यो म्हनला, चार. गेरू वाळायच्या आत पोराला ताप भरला, आन् त्यातच त्ये गेलं. त्येलाच साळंत घालायचं म्हनलं व्हतं आमी. त्येच्या वाटणीची ही आलीया."

खानेसुमारी म्हणजे सरकारनं माणसं मोजायची, आणि ती मोजायला धाडायचे आम्हा मास्तरांना. बाई माझ्या पागोट्याकडं बघत होती. मी घाईनं सांगितलं, "मी नव्हतो हो. मला बाळे गावाकडची घरं होती."

"ठावं हाय. त्येचं नाक बरं व्हतं."

पण अडचण पुढंच होती. वर्षाला एकदा दिपोटी येत, म्हणजे शाळा तपासणारे साहेब. त्यांनी पास केलं तरच पोर वरच्या वर्गात. आणि आमचे दिपोटी तोंडी गणित घालायचे ते डोळ्यांसमोरच्या जिवांचं. कावळे, बैल, नाहीतर वर्गातली पोरं. केरूबाईनं तर सांगूनच टाकलं होतं, "यंदा दिपोटीनं पास केली तर शिकंल. न्हाईतर शेरडं हायतीच की तिला." चिंचोक्यांतली वाघीण शेरडांमागं जाणार, ह्या विचारानं मला जेवण जाईना. माझं जेवण म्हणजे सात भाकरी, त्यावरनं समजा.

मीच शेवटी केरूबाईला विचारलं, "कुणी दांडगाई करून मोजायला लावलंच, तर धनगर काय करतात?"

ती म्हणाली, "कळपात एक शेरडू देवाचं आसतंय. इकायचं न्हाय, कापायचं न्हाय. कुनी मोजाया लावलंच, तर शेवटाला त्येच्या नावानं एक आकडा जास्ती म्हनायचा. मग कुनाला बाधत न्हाय."

"म्हणजे चुकीचं मोजायचं?"

"चुकीचं न्हवं, मास्तर. एक जागा ठिवायची."

मी हिशेबाचा मास्तर. जिंदगीत एक चिंचोका इकडचा तिकडं होऊ दिला नाही. पण सगूसाठी मी ती जागा ठेवली. शेवटच्या पोरानं आकडा म्हटला की पुढचा मी म्हणायचो, 'देवाचा' म्हणून. रांग जिथं संपायची तिथं तो खड्डा होताच. देवाची जागा ती. त्या दिवसापासून सगू आपला आकडा खणखणीत म्हणायला लागली. यल्लय्या हा विणकराचा पोरगा रांगेत शेवटी असायचा. तो रोज एक चिंचोका खड्ड्यात टाकायचा. देवानं नुसतं बसून काय करायचं, असं त्याचं म्हणणं.

मग एके दिवशी दुपारी, सोलापूरच्या उन्हात कावळेसुद्धा चोच उघडी टाकून बसले होते तेव्हा, पोरांनी आकडे टाकले. शेवटचं यल्लय्यानं म्हटलं. माझ्या तोंडात पान होतं, त्यामुळं मला बोलायला उशीर झाला.

पुढचा आकडा कुणीतरी म्हटला.

बारीक आवाज. रांजणात तोंड घालून बोलावं तसा. मी पाठमोरा होतो. पटावरचा एकूण एक गळा मला ठाऊक, झोपेतला, सर्दीतला, मार खाल्ल्यानंतरचा. हा गळा पटावर नव्हता.

मी वळलो. पोरं आपापल्या जागी. कुणी हसलं नाही, कुणी ओरडलं नाही. जणू रोजचंच. सगू मात्र खड्ड्याकडं बघून मान हलवत होती, आपण लहान पोराला 'शाब्बास' म्हणून हलवतो तशी. माझं पान तसंच पोटात गेलं, चुना, कात आणि सुपारीसकट.

त्या दिवसापासून तो आवाज रोज. मी घाईघाईनं 'देवाचा' आकडा म्हणायचो, म्हणजे ऐकू येऊ नये. तर तो माझ्याबरोबर म्हणायचा. पाढे सुरू झाले की सगळ्यांच्या मागनं, एक घास उशिरा. एकदा यल्लय्या माझ्याजवळ आला नि अगदी साध्या तक्रारीच्या सुरात म्हणाला, "सार, खड्ड्यातलं पोरगं सातचा पाढा चुकतंय. आमचाबी चुकवतंय."

मी म्हटलं, "त्याला आधी पाचचा पक्का करू दे."

घरी आलो तर सौभाग्यवतीनं विचारलं, "अंग का एवढं गार?" मी म्हटलं, ऊन लागलं.

आणि दिपोटी आले. टांग्यातनं उतरले, छत्री मिटली, खुर्चीत बसले आणि म्हणाले, "मास्तर, तुमची ती जिवंत वजाबाकी फार ऐकतो. होऊ द्या."

पोरं उभी राहिली. एक, दोन, तीन. मी मनातल्या मनात खंडोबा, बिरोबा, सिद्धरामेश्वर, सगळ्यांना एका दमात हाक मारली. त्या दिवशी हजर होती एकतीस पोरं. यल्लय्यानं 'एकतीस' म्हटलं. साहेबांपुढं 'देवाचा' काय म्हणू? मी तोंड घट्ट मिटलं.

"बत्तीस," खड्ड्यातनं आवाज आला.

साहेबांची मान खाली होती. त्यांनी कागदावर बत्तीस लिहिलं आणि सगूकडं बोट केलं. "ही मुलगी सांगेल. यांतली नऊ मुलं घरी गेली. मागं किती राहिली?"

सगूनं ओठ आवळले. दाराशी केरूबाई उभी होती, पदर तोंडात धरून. सगूनं एकेका पोराचं तोंड बघितलं, सावकाश, कळप राखणारी बघते तसं. सगळ्यांत शेवटी कोपऱ्यात बघितलं.

"तेवीस," ती म्हणाली.

"शाब्बास!" साहेबांनी पेन उचललं, आणि कुणास ठाऊक काय मनात आलं, बोटानं स्वतः पोरं मोजायला लागले. मोजली. पुन्हा मोजली. त्यांच्या भुवया चढल्या.

"मास्तर, ही तर एकतीसच आहेत. एक मूल कुठं आहे?"

मी म्हटलं, "साहेब, ते... बाहेर गेलं असेल. लघवीला."

"दारातून तर कुणी गेलं नाही. पटावर नसलेली मुलं दाखवता की काय? पुन्हा आकडे टाका."

पुन्हा एक, दोन, तीन. यल्लय्याचा 'एकतीस' झाला. मग शांतता. इतकी, की अंगणात उन्हानं बाभळीची शेंग तडकली ती ऐकू आली.

साहेब हसले. "बघा. एकतीस. म्हणजे उत्तर बावीस. मुलीचं चुकलं. नापास."

केरूबाई दारातनं आत आली. सगूचा हात धरला. "चल गं," एवढंच म्हणाली. सगू हालेना. ती कोपऱ्याकडं बघून रागानं, अगदी थोरल्या बहिणीच्या रागानं म्हणाली, "बोल की मुडद्या!"

"बत्तीस."

ह्या वेळी साहेबांची मान खाली नव्हती. आवाज त्यांनी ऐकला, कुठनं आला तेही बघितलं. ते उठले. पावलं टाकत रांगेच्या शेवटी गेले. मीही मागं गेलो, कारण मास्तरानं साहेबाच्या मागं जायचं असतं. खड्ड्यात वाकून बघितलं.

आत पोर नव्हतं. चिंचोके होते, यल्लय्यानं टाकलेले. एका कडेला नऊ, ओळीनं. दुसऱ्या कडेला दोन जुड्या दहा-दहाच्या, धाट नव्हतं म्हणून वरनं सुताचा धागा टाकून बांधल्यागत केलेल्या, आणि तीन सुटे. साहेबांनी वाकून एक उचलला आणि चटका बसावा तसा टाकला. चिंचोका ओला होता. लहान पोरं तोंडात घोळवतात तसा.

साहेब परत खुर्चीवर आले. बराच वेळ कपाळ पुसत बसले. मग सगूच्या नावापुढं 'पास' लिहिलं, आणि मला म्हणाले, "त्या... त्या शेवटच्याला वजाबाकी बरी येते, मास्तर." टांग्यात बसले ते छत्री विसरूनच. ती छत्री अजून माझ्याकडं आहे. न्यायला कुणी आलं नाही.

सगळे गेल्यावर मी सगूला विचारलं, "पोरी, कोण गं ते?"

तिनं माझ्याकडं असं बघितलं, जणू मी बिगरीतला आहे. "तुमास्नी ठावं न्हाय व्हय? बिरू की. त्येची साळा ऱ्हायली व्हती. पर हातच्यात चुकतो अजून."

केरूबाई ऐकत होती. ती रडली नाही. खड्ड्याच्या काठाशी जाऊन बसली, पदरानं काठावरची धूळ पुसली, जेवायला बसायच्या आधी पुसतात तशी, आणि लेकीला घेऊन गेली.

सगूची चौथी झाली आणि ती शाळेतनं गेली. मला वाटलं, आवाजही जाईल. तो राहिला. बरोबरच होतं, पोर तिच्याहून धाकटं. मी माझ्या नोकरीत साहेबांना फसवलं असेल, घरमालकाला फसवलं असेल, पण विद्यार्थी म्हणून जो आला त्याला अर्धवट सोडला नाही. खड्ड्याकडं तोंड करून मी त्याला हातचा शिकवला. भागाकार शिकवला. चुकला तर ओरडलोसुद्धा, आणि ओरडल्यावर वर्गात जो गारवा यायचा तो अंगावर काटा आणणारा असायचा, पण उन्हाळ्यात पोरांना बरा वाटायचा. सगू दूध घालायला आली की दारातनं विचारायची, "कुटवर आलाय?" मी सांगायचो, "दिडकी झाली." "अडीचकी अडलीय."

शेवटी औटकी. सगळी शाळा म्हणायची आणि दर खेपेला एकाच जागी कोसळायची. त्या दिवशी तसंच झालं. आठ औट अठ्ठावीस झालं, नऊ औट म्हणून पोरं थांबली. कुणालाच येईना. मी पाठमोरा उभा. मागनं तो एकटाच म्हणाला, न अडखळता:

"नऊ औट साडेएकतीस. दहा औट पस्तीस."

दुसऱ्या दिवशी पोरांनी आकडे टाकले. शेवटचा झाला. मी वाट बघितली. पोरंही कोपऱ्याकडं बघत राहिली. पुढचा आकडा आला नाही.

शाळा सुटल्यावर मी खड्ड्यात उतरलो. दिवसाउजेडी, तेही यल्लय्याचा हात धरून. तळाशी दहा ढिगल्या होत्या ओळीनं. प्रत्येकीत तीन सबंध चिंचोके आणि एक अर्धा. अर्धे हातानं फोडलेले नव्हते. त्यांच्यावर बारीक, दुधाच्या दातांच्या खुणा होत्या.

सगू आणि केरूबाई माझ्या घरी दूध घालायला आल्या तेव्हा मी त्यांतला एक अर्धा चिंचोका केरूबाईच्या तळहातावर ठेवला. म्हटलं, "काल औटकी पुरी केली त्यानं. आज आला नाही."

"यील कसा?" सगू म्हणाली. "चवथी झाली की त्येची."

केरूबाईनं मूठ मिटली. थोड्याच दिवसांनी घरमालकानं खड्ड्यात दोन पाट्या माती टाकली, आणि ती राहिली. पुढं त्यावर मी एका नव्या पोराला बसवलं. पण ते नंतरचं.

त्या दिवशी आमच्या सौभाग्यवतीनं भांडं पुढं केलं आणि बायका विचारतात तसं सहज विचारलं, "काय गं केरू, लेकरं किती तुला?"

मी खूण करणार होतो, विचारू नको म्हणून. पण केरूबाईनं पदर ओढला नाही. दूध ओतता ओतता म्हणाली:

"दोन हायती, बाई. एक हितं हाय, आन् एक शिकून गेलं."